तुळजाबाईंचं दळण

माझी धाकटी जाऊ मोहिनी कॉलेजात इतिहास शिकवते. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीला आपल्या बीडकडच्या बायका कशा जगल्या, यावर तिचं पुस्तक चाललंय. त्या बायकांच्या नादात आमच्या गॅसवरचं दूध किती वेळा उतू गेलं, ते विचारू नका.

पुस्तक होत आलं, पण बाईसाहेबांचं घोडं एका जागी अडलं. बायकांबद्दल पुरुषांनी लिहिलेलं ढिगानं सापडलं. एका बाईचं स्वतःचं बोलणं काही मिळेना.

"ते मिळाल्याशिवाय मी पुस्तक छापणार नाही, ताई," म्हणाली. भलतीच हट्टी!

मग कळलं, उमापूरच्या नव्वदीतल्या दगडाबाईंना त्यांच्या आजेसासूच्या, तुळजाबाईंच्या, ओव्या येतात. तुळजाबाई त्याच काळातल्या. मला ओढतच तिनं उमापूरला नेलं.

मोहिनीनं आपलं नाव सांगून रेकॉर्डिंगसाठी फोन पुढं धरला. "आजी, म्हणा ना."

दगडाबाईंनी डोळे मिटले, उघडले. "न्हाई येत."

मोहिनीचा चेहरा पडला. मला वाईटच वाटलं.

"अगं, जात्याबिगर ओवी कशी येईल? हात फिरला की ती व्हटावर येती."

जातं खुराड्यामागं पडलेलं. ते ओढून पुसलं. मोहिनीला कोण घाई!

"दाणे राहू द्या आजी, नुसतं फिरवू."

"रिकामं जातं फिरवायचं नसतंय! कुन्या गावची गं तू? बस म्होरं."

त्यांच्या सूनबाईंनी ज्वारी आणली. फोन माझ्या हातात आला आणि मोहिनी समोर बसून खुंट्याला लागली. घरी मिक्सरचं बटण दाबायलाही कंटाळणारी ही! घामानं निथळली, गालभर पीठ. जातं घरघरू लागलं तशी दगडाबाईंची मान डोलली.

"तुळजाबाईची हाय बरं," म्हणाल्या आणि गाऊ लागल्या:

भाऊ गेला साळंला, पाटी त्याच्या गं हातात
मी उभी दाराआड, अक्षर मोजिते मनात

मोहिनीच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी. मलाही राहवलं नाही. सव्वाशे वर्षांपूर्वीची ती पोर दाराआडून पुढं आल्यासारखी वाटली.

दगडाबाई मात्र थांबल्याच नाहीत. मोहिनीकडं बघून हसल्या आणि तिथंच नवी ओवी जोडली:

लेकबाई आली दारी, पीठ लागलंया गाली
मोहिनी माजी बाई, तुळजाबाईला भेटाया आली

मोहिनीचा हात थबकला.

"थांबू नगं गं," दगडाबाई म्हणाल्या, "दळान ऱ्हायलंय अजून."