रिकामा डबा परत देत नाहीत

"पहिले चूल, मंग कॅमेरा," हे त्याचं ठरलेलं. आमच्या करडी गावचा हा गडी जगभरच्या लढायांत जाऊन माहितीपट करायचा, पण तोफा टिपायला नाही. पडक्या घरात शिरला की आधी विचारणार, रांधता कुठं? तिथं चार घास खाल्ल्याशिवाय कॅमेऱ्याचं झाकण काढणार नाही.

मंडळी, मी मंडपवाला, थोडं वाढवून सांगतो. तो चुलीपुढं बसला की दोन्हीकडच्या फौजा जेवणाची सुट्टी घेतात, हे मी पार सिहोऱ्यापर्यंत सांगितलंय. लोकांनी मानाही डोलावल्यात.

मागं एकदा मात्र परतला आणि कॅमेरा धान साठवायच्या ढोलीत पुरून बसला. महिनाभर काढलाच नाही. शेवटी मीच पांढरा पडदा बांधला. म्हटलं, "लॅपटॉपात काय आणलं, दाखव तं खरं."

पडद्यावर छप्पर उडालेलं घर आणि रोट्या थापणारी एक म्हातारी. आमच्या बायांना युद्ध दिसलंच नाही.

"पीठ सैल मळलं वं तिनं!"

"अवं, पीठच कमी असन. पाणी वाढवलं असन."

निघताना म्हातारीनं त्याच्या हाती रोट्यांचा डबा दिला. चित्र संपलं.

"मंग?" पुढं बसलेल्या सीताआजीनं विचारलं.

"मी निघालो अन् तिकडे बॉम्ब पडले, आजी. तिचं काय झालं, माहीत नाही."

"अन् डबा?"

"घरी आहे."

आजी अशी कडाडली की माझ्या पडद्याचा खांब हलला. "जेवल्या घरचा डबा ठेवून घेतला? नेऊन दे!"

"गेलो अन् ती नसली तं?" तो हळूच म्हणाला. हेच त्याला आतून खात होतं.

"अन् असली तं? डब्याची वाट पाहून राहिली असन ना गा!"

रिकामा डबा आमच्याकडं कोणी परत देत नाही. आजीनं तो तांदळानं भरला. त्यानं ढोलीतून कॅमेरा काढला, कोंडा फुंकला आणि गेला.

परतला तेव्हा मोबाइलमध्ये म्हातारी होती. दुसऱ्या गावी, तंबूत, तळहातावर आमचा तांदूळ घेऊन हसणारी. आणि डबा? तोही परत आला होता, जर्दाळूंनी भरून! तिच्या मुलखातही रिकामा देत नसावेत.

आता तो पुन्हा तिकडंच गेलाय, डबा घेऊन. फौजांचं भांडण मिटेल तेव्हा मिटेल, या दोन म्हाताऱ्यांचं देणंघेणं काही मिटायचं नाही. आजी ओसरीवर बसलीय, बिनदातांच्या तोंडात जर्दाळू घोळवत, पुढच्या खेपेचा तांदूळ सुपात पाखडत.

"या बारीले नवा तांदूळ पाठवू," म्हणते. "मऊ शिजते. तिलेही दात नसतीन."