सावलीचा पंचनामा

आमच्या शेताच्या उत्तर बांधावर अकरा बाभळी होत्या. बांध आमचा, बाभळीही आमच्या. तरी दर दसऱ्याच्या सुमारास वडील त्यांच्या फांद्या छाटायचे, ते शेजाऱ्यासाठी. बांधापलीकडे त्याची ज्वारी असायची. झाड वाढलं की पिकावर सावली पडते, पाखरं बसतात, कणीस भरत नाही. दुसऱ्याच्या रानावर सावली सोडू नये, हा मंद्रूपकडच्या काळ्या रानातला न लिहिलेला कायदा. आमची बैलगाडीही त्याच्या रानाच्या कडेनं रस्त्याला लागायची. तेही कुठं लिहिलेलं नव्हतं.

बहात्तरचा दुष्काळ सरला आणि मी बी.एस्सी.च्या शेवटच्या वर्षाला गेलो, त्या उन्हाळ्यात शेजाऱ्यानं नांगरताना आमचा बांध हातभर कोरला. वडिलांनी हटकलं. दुसऱ्या दिवशी वाटेच्या तोंडाशी बोरीच्या काट्या.

"तात्या, गाडी कुटनं न्यायची आमी?" वडिलांनी विचारलं.

"ओढ्यातनं न्या की. पोरगं लई शिकलंय तुमचं, पूल बांधंल."

ओढ्यातून गाडी जात नव्हती, माणूस जायचं. त्या सुगीला सगळी कणसं आईनं पाटीत भरून, डोक्यावर घेऊन, ओढा ओलांडून गावातल्या खळ्यावर नेली. दरड चढता चढता तिचा गुडघा सुजला, तो पुन्हा कधी नीट वाकला नाही. आमच्या घरात कॉलेजात गेलेला मी पहिलाच, आणि सोलापुरातली माझी खानावळ त्याच पाट्यांवर चालली होती. पदवीचा कागद हातात आला तेव्हा मला तिचा गुडघा आठवला.

वाट मोकळी करून मिळावी म्हणून तहसिलीत अर्ज मीच लिहिला. वर्षभर नुसत्या तारखा पडल्या. शेजारी तारखेला यायचा, मला बघून हसायचा.

मग मला बाभळी सुचल्या. शाळेत गुरुजींनी मैदानात काठी रोवून शिकवलं होतं, की थंडीत सूर्य दक्षिणेकडून जातो आणि सावली उत्तरेला लांबते. त्या गुरुजींचा मी जन्माचा ऋणी आहे. त्यांच्या विद्येचा पहिला उपयोग मी असा केला. दसऱ्याआधी अंगणात काठी रोवून वडिलांना सगळं समजावलं.

"मला ठावं हाय की ते," वडील म्हणाले. "म्हणून तर छाटतो. कुऱ्हाड कुटं हाय?"

आई आतून म्हणाली, "दांडा मोडलाय तिचा."

दांडा धड होता. कुऱ्हाड तिनं कणगीमागं सरकवली होती. वडिलांनी कणगीकडं बघितलं, मग लंगडत बाहेर आलेल्या आईकडं. पुन्हा त्यांनी कुऱ्हाड मागितली नाही.

दोन दसरे तसेच गेले. बाभळी डेरेदार झाल्या. बांधालगतची शेजाऱ्याची ज्वारी पिवळी, केविलवाणी उभी राहिली, आणि जे कणीस भरलं ते पाखरांनी टिपलं. तो तलाठ्याकडं गेला. तलाठी म्हणाला, "तात्या, झाडाचा पंचनामा करीन. सावलीचा कसा करू? सकाळी हितं, दुपारी तितं." हे वाक्य आठवडी बाजारात फिरत फिरत माझ्यापर्यंत आलं. मी पावशेर जिलेबी घेऊन घरी गेलो.

त्या सुगीत कणसं खुडणं चाललं असताना तो आमच्या रानात आला. काट्या स्वतः काढून आला होता. हातांवर ओरखडे होते.

"वैनी, वाट मोकळी केली. आता तेवढ्या बाभळी छाटा."

वडील लगेच उठले. आई म्हणाली, "थांबा." तिनं एक पाटी शिगोशीग भरली. "भावजी, ही तेवढी ओढ्यातनं खळ्यावर पोचवा. मग छाटू."

"अवं, वाट हाय की आता!"

"चार सुग्या मला नव्हती. तुमाला एक पाटी जड व्हतीय व्हय?"

त्यानं वडिलांकडं बघितलं. वडील जमिनीकडं बघत होते. पाटी मीच त्याच्या डोक्यावर दिली आणि मागोमाग चालत राहिलो. दरड चढताना त्याचा पाय घसरला. माझे दोन्ही हात मोकळे होते. मी ते पाठीमागं बांधून घेतले. खळ्यावरच्या बायका हातातलं काम थांबवून बघत राहिल्या. शिकलेल्या माणसानं असं करू नये, हे मला तेव्हाही कळत होतं. पश्चात्ताप मात्र आजतागायत झालेला नाही.

वडिलांनी दिवस मावळायच्या आत दहा बाभळी छाटल्या. अकरावीला आईनं हात लावू दिला नाही.

"असू दे," ती म्हणाली. "त्येच्या ध्यानात ऱ्हातंय."