झेंडा कशाला दमलाय?

"शेवटाला होड्या चक्क रेंगाळतायत. तुमचा स्कॅनर अडकतोय," मॅडम फोनवर म्हणाल्या. "असंच असेल तर बाकीची रिळं मला मुंबईतल्या लॅबला द्यावी लागतील."

मुंबईतली नोकरी सोडून मी महाडला, घरीच, जुन्या फिल्म डिजिटल करायचं काम थाटलं होतं. या मॅडमचा जुन्या रिळांचा संग्रह हातचा गेला असता तर गाशा गुंडाळून पुन्हा मुंबई गाठावी लागली असती.

रीळ होतं व्हिक्टोरिया राणीच्या काळातलं, इंग्लंडमधल्या होड्यांच्या शर्यतीचं. रिळावरच्या एकेका चित्राला आम्ही फ्रेम म्हणतो. स्कॅनर त्या प्रत्येकीचा फोटो काढतो. मी स्कॅनर पुसला, रीळ पुन्हा चढवलं. एकही फ्रेम सुटली नव्हती की दोनदा आली नव्हती. तरी ऐन शेवटी होड्या मंद.

बायको चहा घेऊन आली. ती दासगावची, सावित्री नदीच्या काठावर वाढलेली. होड्या दिसल्यावर थांबलीच.

"अहो, वल्हवनारी मानसं दमली हायत म्हनू. पन तो झेंडा कशाला दमलाय?"

खरंच, काठावरचा झेंडाही संथ फडकत होता. हवेत उडालेल्या टोप्याही सावकाश खाली येत होत्या.

मग माझी ट्यूब पेटली. त्या काळी कॅमेऱ्याला हँडल असायचं, ते हाताने फिरवायचं. जोरात फिरवलं की तेवढ्याच वेळात जास्त फ्रेम निघतात. त्या नेहमीच्या वेगाने दाखवल्या की दृश्य मंदावतं. होड्या अटीतटीला आल्या आणि हँडल फिरवणाऱ्या गड्याचं भान सुटलं. हँडल गरागरा फिरलं.

मी त्याला काय हसणार? पोलादपूरला भाच्याची कबड्डीची फायनल मी मोबाइलवर घेतली. शेवटच्या चढाईला मीच उड्या मारल्या. व्हिडिओत नुसतं मंडपाचं छत आहे.

मॅडमना सगळं सांगितलं.

"म्हणजे तोही शर्यत बघत होता," त्या म्हणाल्या.

"हो. आणि माझा स्कॅनर ठीक आहे."

"तेवढ्या भागाचा वेग सरळ करा. पण एक प्रत आहे तशीच ठेवा, त्याच्यासाठी. बाकीची रिळं सोमवारी पाठवते."

फोन ठेवला तेव्हा डोळे जरा ओले झाले होते. त्या अनोळखी कॅमेरामनचा मी ऋणी आहे, आणि बायकोचा त्याहून जास्त. तिला तसं म्हणालोही.

"ऱ्हाऊ द्या," ती म्हणाली. "पुढच्या फायनलला मोबाइल माझ्याकडं द्या."

यंत्राला दोष देण्याआधी ते कोणाच्या हातात होतं ते बघावं. आमच्या घरात तो निकाल लागलेला आहे.