जुन्या गोळीचा रिलिव्हर

आधी माफी मागतो. एखाद्या माणसावर लिहायचं तर त्याला पुरतं ओळखावं लागतं, आणि लिहिणाऱ्यानेही थोडं जग पाहिलेलं असावं लागतं. माझ्याकडे दोन्ही नाही. मी फार्मसीच्या दुसऱ्या वर्षाला आहे. आमच्या घरात कॉलेजात गेलेला मीच पहिला, त्यामुळे लिहिलेलं घरी कुणाला वाचून दाखवावं आणि विचारावं, अशी सोय नाही. तरी लिहितो, कारण आबांबद्दल मी नाही लिहिलं तर कोण लिहील असं वाटतं.

दिवस कलला की आबा एका बोटाने डावी पापणी वर उचलून धरायचे आणि समोरच्याला म्हणायचे, "थांब रं. फाटक उघडू दे, मंग बोल."

ते रेल्वेत गेटमन होते. मावळातल्या एका फाटकावर त्यांची सगळी नोकरी गेली. पुढे त्या फाटकाखालून बोगदा झाला, फाटक बंद झालं, आणि त्याच सुमारास आबाही निवृत्त झाले. वलवणला माझ्या आत्याच्या शेजारी त्यांचं घर. मी मूळचा किल्ल्याखालच्या तिकोणा पेठ गावचा, पण कॉलेजसाठी आत्याकडे राहतो. पहिल्याच दिवशी आबांनी मला विचारलं, "काय शिकतो?"

"फार्मसी."

"म्हंजे मेडिकलवाला. म्हंजे डाक्टरच्या शेजारचा." आणि आत बायकोला, माईंना, हाक मारून म्हणाले, "अगं, आपल्या भिंतीला डाक्टर लागला बघ."

मी डॉक्टर नाही हे मी त्यांना पुष्कळदा सांगितलं. त्यांनी ते कधीच मनावर घेतलं नाही.

तुम्हीही पाहिलं असेल, काही माणसांची सगळी नोकरी एका वाक्यात गोळा झालेली असते. आबांचं वाक्य होतं, "गेट कुणाचं?" काहीही बिघडलं की ते हे विचारायचे. एका वर्षी चौदा एप्रिलच्या जेवणात डाळ इतकी खारट झाली की पहिली पंगत पाण्यावरच उठली. दोन बायकांनी दोनदा मीठ घातलं होतं. सगळ्या एकमेकींकडे बोट दाखवत असताना आबा पातेल्याजवळ गेले आणि म्हणाले, "ह्या डाळीचं गेट कुणाचं व्हतं? दोघींचं? मंग कुणाचंच नव्हतं."

त्यामागे एक प्रसंग होता. नोकरीला लागल्यावर त्यांना काही दिवस एका जुन्या गेटमनच्या हाताखाली शिकायला ठेवलं होतं. शिकून झालं, गेट त्यांच्या ताब्यात आलं. पण जुना माणूस प्रेमळ. "पोरगं नवं आहे" म्हणून तो निघायच्या ऐवजी थांबला आणि स्टोव्हवर चहा ठेवला. गाडीचा फोन आला. आबांना वाटलं, तो उठतोय. त्याला वाटलं, आता गेट पोराचं. इंजिनाची शिट्टी कानावर आली तेव्हा फाटक उघडं होतं, आणि रुळावर दुधाच्या किटल्या लावलेली सायकल. सायकलवाल्याने उडी टाकली. तो वाचला.

"दूध मातर पार खंडाळ्याला गेलं," आबा सांगायचे. सगळे हसायचे. ते हसायचे नाहीत. "तवापास्नं एकच नेम. रिलिव्हर, म्हंजे बदलीचा मानूस, आला की त्याला शिकवायचं, 'गेट तुझं' म्हनायचं, आन् मागं न बघता घरी जायचं. एका गेटवर दोन मानसं उभी करायची न्हाईत."

हा नेम मी तेव्हा कौतुकाने ऐकला होता.

पापणी पडायला लागली तेव्हा आधी सगळ्यांना तो वयाचा भाग वाटला. मग भाकरी चावता चावता जबडा थकायला लागला. संध्याकाळी आवाज नाकातून यायचा. कुणी लकवा म्हणालं, कुणी चष्मा बदला म्हणालं. शेवटी पुण्याच्या एका मोठ्या दवाखान्यात निदान झालं. नसेचा निरोप स्नायूपर्यंत नीट पोचत नाही, असा तो आजार. शरीराची स्वतःची पहारेकरी फौजच त्या जोडावर हल्ला करते. स्टेरॉइड सुरू झालं आणि पापणी वर आली. सोबत साखरही वर गेली आणि चेहरा गोल झाला. वस्तीतले लोक म्हणायचे, "आबा, तब्येत धरली!" माई मात्र माझ्याकडे बघायच्या.

पुढच्या तपासणीला मी त्यांच्याबरोबर गेलो. डॉक्टर बाई चांगल्या होत्या, पण बाहेर माणसांची रांग जिन्यापर्यंत गेलेली. त्या म्हणाल्या, "स्टेरॉइड फार दिवस एवढं देता येणार नाही. आता एक स्टेरॉइड-स्पेअरिंग एजंट सुरू करू. रक्त तपासत राहा. दोन्ही गोळ्या चालू ठेवायच्या, डोस मी सांगेन तेव्हाच कमी करायचा."

परतीच्या गाडीत आबांनी विचारलं, "ते काय म्हनल्या बाई? येजंट?"

"मला अजून शिकवलेलं नाही, आबा. विचारून सांगतो."

"विचार. गोळीचं नाव म्हाईत पायजे. कोन मानूस घरात घेतोय ते कळाय पायजे."

मी कॉलेजातल्या आमच्या मॅडमना विचारलं. त्यांनी मला बसवून समजावलं. हे कुठल्या एका औषधाचं नाव नाही, म्हणाल्या. ते औषधाच्या कामगिरीचं नाव आहे. सांध्यांच्या आजारात, त्वचेच्या, डोळ्यांच्या, आतड्यांच्या काही आजारांत स्टेरॉइड झटकन आग विझवतं, पण जास्त दिवस दिलं तर हाडं, साखर, रक्तदाब, सगळ्यातून त्याची वसुली होते. म्हणून जोडीला दुसरं औषध देतात. ते हळूहळू भार उचलतं, तसतसं स्टेरॉइड कमी करता येतं. तेच औषध दुसऱ्या रुग्णाला दुसऱ्या कारणासाठी दिलं तर कुणी त्याला या नावाने ओळखणार नाही. मॅडम म्हणाल्या, "पर्यायी औषध असं भाषांतर करू नकोस. पर्याय म्हटलं की माणूस पहिलं टाकून देतो."

मी हे सगळं वहीत लिहून घेतलं, आणि घरी येऊन शक्य तितक्या सोप्या शब्दांत आबांना सांगितलं. स्टेरॉइड कमी लागावं म्हणून जोडीला दिलेलं औषध.

आबा विचार करून म्हणाले, "म्हंजे रिलिव्हर."

"रिलिव्हर नाही, आबा. जोडीदार. दोघं बरोबर काम करणार. बाईंनी सांगितल्याशिवाय एकही बंद करायची नाही."

"एका गेटवर दोघं?"

"हो."

त्यांनी मान हलवली. पण चेहऱ्यावर पटल्याचं काही दिसलं नाही. मी माईंनाही तेच सांगितलं. माई म्हणाल्या, "मी काय, डबी हातात देते. घेनारे ते."

नंतर परीक्षा जवळ आली आणि मग मी थोडे दिवस गावाला गेलो. परत आलो तो रविवारची दुपार होती. आबा ओट्यावर बसले होते. चेहऱ्याची सूज उतरली होती. शेजारचा एक जण त्यांना म्हणत होता, "आता कसं, पयल्यावानी दिसताय." आबा खुशीत होते, पण बोलले तेव्हा आवाज पूर्ण नाकातून आला. दोन्ही पापण्या अर्ध्यावर होत्या, आणि अजून ऊन होतं.

"आबा, गोळ्या?"

"चालू हाय की." मग थोडं थांबून, दम घेऊन, "नवी चालू हाय. जुन्याला घरी पाठिवला."

"कधी?"

"नव्यानं दोन हप्तं जुन्याबरबर काडलं. गेट शिकायला तेवढं लय झालं. मला बी तेवढंच दिलतं. मंग म्हनलं, आता निघ बाबा. उगा दोघं नगंत."

माई दारात आल्या. "काल पानी पिताना नाकातनं आलं रं," त्या म्हणाल्या. "सकाळी उलटी झाली. म्हनले, पित्त असंल."

मी मॅडमना फोन लावला. त्यांनी पूर्ण ऐकूनही घेतलं नाही. "आत्ता, या क्षणी दवाखान्यात ने. चालत नको. काही खायला-प्यायला देऊ नको."

मी फोन खिशात ठेवला आणि आबांसमोर उकिडवा बसलो. "आबा, दवाखान्यात जायचंय. आत्ता."

"सकाळी जाऊ. आज आयतवार. मोठा डाक्टर नसतो आयतवारी."

"आबा, नवीन गोळीला काम शिकायला महिने लागतात. सहा महिने, कधी वर्ष."

त्यांनी बोटाने पापणी उचलली आणि माझ्याकडे बघितलं. "वरीस? कसला ढ मानूस भरती केला ह्या लोकांनी!"

शेजारी हसला. आबाही हसले, आणि ते हसणं मधेच तुटलं, कारण हसायला लागतो तेवढा श्वास त्यांच्याकडे नव्हता. मग हळू आवाजात विचारलं, "मंग आत्ता गेटवर कोन हाय?"

"कुणी नाही, आबा."

ते उठले. चपला शोधत बसले नाहीत, माईंना काही सांगितलं नाही. कुणाचा हात न धरता उठले आणि रस्त्याकडे निघाले. मी त्यांना कसंबसं ओट्यावर परत बसवलं आणि शेजाऱ्याने पळत जाऊन रिक्षा आणली. लोणावळ्याच्या दवाखान्यातून त्यांना पुढे पुण्याला अँब्युलन्सने पाठवलं. वाटेत त्यांची मान उभी राहीना. माईंनी ती दोन्ही हातांत धरून ठेवली होती, भरलेला हंडा धरावा तशी.

पुढचे दिवस कसे गेले ते नीट लिहिता येणार नाही. आबांच्या घशात नळी होती, यंत्रावर श्वास. आत एकालाच सोडत. मी वर्गात बसायचो आणि फोन मांडीवर उलटा ठेवायचो. वाजला तर भीती, नाही वाजला तर जास्त भीती. मॅडम शिकवत असायच्या आणि मला फक्त एकच विचार, आबांना मी आणखी कोणत्या शब्दांत सांगायला हवं होतं? असा शब्द मला अजून सापडलेला नाही. मॅडमनाही विचारलं. त्या म्हणाल्या, "शब्द बरोबरच होता. त्यांचा नेम जुना होता."

नळी निघाली. आबा स्वतःच्या श्वासावर आले. मी भेटायला गेलो तेव्हा त्यांनी माझा हात धरला आणि बराच वेळ सोडला नाही. पकड कमी होती, पण होती. बोलणं परत यायला वेळ लागला. पहिलं वाक्य माईंना उद्देशून होतं, "दोगांस्नी बी चा पाज. हितंच ऱ्हानार हायेत." दोन्ही गोळ्यांबद्दल ते बोलत होते.

त्यानंतर ते चिंचवडला मुलीकडे राहायला गेले, दवाखाना जवळ म्हणून. वलवणच्या घराला कुलूप लागलं. अधूनमधून मुलीचा फोन यायचा. रक्त बरं आहे. बाईंनी स्टेरॉइड थोडं उतरवलं. नंतर आणखी थोडं. मी प्रत्येक वेळी मॅडमना जाऊन सांगायचो आणि त्या म्हणायच्या, "हेच ते. यालाच तो शब्द." स्टेरॉइड वाचत होतं. मला तेवढ्यावर खुश व्हायला हवं होतं, पण मी पुस्तकात पुढचं पानही वाचलं होतं. ही औषधं शरीराच्या पहारेकऱ्यांनाच बसवून ठेवतात, मग साधा जंतूही आत घुसू शकतो. तो शब्द स्टेरॉइडपासून वाचवायचं सांगतो. बाकी कशापासून वाचवायचं तो सांगत नाही.

आवणीसाठी, म्हणजे भाताच्या लावणीसाठी, मी तिकोणा पेठेला गेलो होतो. गावाजवळच्या धरणाच्या पलीकडे फोनला रेंज नसते, आणि चिखलातून वर येऊन रेंज शोधायची सवड मला मिळाली नाही. आत्याचा निरोप एका दूधवाल्याच्या तोंडी आला. मी किल्ल्याच्या वाटेवर चढून फोन लावला तेव्हा आबा गेले होते आणि त्यांचं पुण्यानुमोदन, म्हणजे मागे राहिलेल्यांनी करायचा बौद्ध विधी, तेही होऊन गेलं होतं. छातीत कफ झाला, ताप आला, आणि दवाखान्यात नेऊनही उतरला नाही.

मी चिंचवडला गेलो तेव्हा माई रडत नव्हत्या. मी काहीतरी बोललो, ते त्यांनी ऐकून घेतलं. मग एखाद्या वरिष्ठाला हिशेब द्यावा तशा मला, एका शिकाऊ पोराला, म्हणाल्या, "शेवटपत्तुर दोनी गोळ्या चालू ठेवल्या बरं का. डाक्टरनी सांगितल्याबिगर एक बी चुकवली न्हाई."