लालबागहून चालणारं गाव

आमच्या ग्राममंडळाच्या मुंबई शाखेत कामं साचत नाहीत, कारण ती कुणी अंगावर घेतच नाही. किस्से मात्र साचतात.

गाव तळकोकणात, पण चालतं लालबागच्या चाळीतल्या आमच्या खोलीतून. अध्यक्ष अण्णा, गिरणीतून रिटायर झालेले. सरपंच दत्ताकाका गावीच असतात, पण तिथली वीज गेली की फोन लालबागला करतात. "अण्णा, लाईट कधी येतली?"

आणि अण्णा सांगतात! वायरमनची बहीण त्यांच्याच मजल्यावर राहते.

*

यंदा मात्र पंचाईत झाली. गावात माणसंच उरली नाहीत, तेव्हा आमची ग्रामपंचायत पलीकडच्या गावाला जोडावी, असं वर शिजू लागलं. पलीकडचं गाव म्हणजे ज्यांच्याशी पालखीच्या वाटेवरून आमच्या आजोबांपासून भांडण आहे! अण्णांची अन्नावरची वासनाच उडाली.

तातडीची मीटिंग झाली. नव्याने लग्न झालेल्यांनी गावी जाऊन राहावं, अशी सूचना आली. आमचा नितीन नुकताच बोहल्यावरून उतरलेला. त्याने विचारलं, "गावी वायफाय आहे का?"

अण्णा शांतपणे म्हणाले, "लोकसंख्या वाढवची आसा ना? मग वायफाय कित्याक व्हया?"

*

तालुक्याहून पाहणीला येणाऱ्या साहेबांना अण्णांनी मुद्दाम गणपतीत बोलावलं. घरटी वीस माणसं, पडवीत पाय ठेवायला जागा नाही. साहेब खूश झाले. "गाव तर भरलेलं दिसतंय की!"

त्यांनी आमच्या आत्याला विचारलं, "तुम्ही कायम इथेच असता?"

"मग काय! जन्मापासून."

"रेशन दुकान लांब पडतं का हो?"

"छे! चाळीचा जिना उतरला की चिवडा गल्लीच्या तोंडावरच."

*

शेवटी देवळात खास ग्रामसभा लागली. ठराव हात वर करून नव्हे, तर आवाजी मतदानाने होणार होता. मतदार यादीत नाव असलेला प्रत्येक जण मुंबईहून आला. नितीन बायकोला घेऊन आला, आत्या गुडघे धरत आली. प्रस्ताव आला की एका सुरात "नाही" म्हणायचं, हे अण्णांनी बसमध्ये घोकून घेतलं होतं.

पण देवाला गाऱ्हाणं घातल्याशिवाय आमच्याकडे काही सुरू होत नाही. अण्णा हात जोडून उभे राहिले. "बा देवा म्हाराजा, ह्या गावाचो तू राखणदार!"

सगळे म्हणालो, "व्हय म्हाराजा!"

"चाकरमानी पोरांका सुखी ठेव!"

"व्हय म्हाराजा!"

अण्णांना बऱ्याच मागण्या होत्या. आमचे डोळे मिटलेले, हात जोडलेले, सूर छान लागलेला. गाऱ्हाणं संपलं तसे साहेबही भारावून उठले, हात जोडले आणि त्याच चालीत म्हणाले, "तर ही ग्रामपंचायत पलीकडच्या गावाला जोडावी, असा प्रस्ताव आहे!"

"व्हय म्हाराजा!"

सगळ्यांत मोठा आवाज अण्णांचा होता.