लग्नापासूनचं पित्त

आम्ही दोघांनी मिळून शेवटचं काय केलं, तर मेथी निवडली. वाघोलीला मुलाच्या दहाव्या मजल्यावरच्या घरात, फरशीवर पेपर पसरून. डायनिंग टेबल होतं, पण टेबलावर भाजी निवडायची असते हे हिला कधी पटलं नाही. मी देठं फार ठेवतो म्हणून माझ्या ढिगातली मेथी ती पुन्हा निवडत होती.

"तुम्ही निवडलेली भाजी म्हशीपुढे टाकावी," म्हणाली.

"म्हैस तरी कुरकुरत नाही."

साडेनऊ वाजले असतील, कारण सून नुकतीच कंपनीच्या बसला गेली होती. हिचा हात जुडीवर थांबला. छातीवर मूठ दाबून म्हणाली, "पित्त उठलं वाटतं." हिला सगळंच पित्त. डोकं दुखलं तरी पित्त, मुलानं तोडून उत्तर दिलं तरी पित्त. पण पंख्याखाली बसूनही हिची पाठ घामानं भिजली होती. मी मुलाला फोन लावला. तो हडपसरला ऑफिसात.

"अण्णा, मी गाडी पाठवतो. आणि कपाटातलं कार्ड घ्या. कार्ड विसरू नका."

आईचं काय होतंय हे त्यानं त्यानंतर विचारलं. इतकी ती कार्डाची थोरवी. नवीन कंपनीत लागला तेव्हा पेढ्यांच्या आधी ते कार्ड दाखवलं होतं. म्हणे आता तुम्हा दोघांना कुठल्याही हॉस्पिटलात एक पैसा न देता उपचार. कार्डावर एक हसरं कुटुंब छापलंय. त्यातली आजी गोरीपान, सगळे दात शाबूत. तिला कधी काही झालं असेल असं वाटत नाही. मी सातवी नापास माणूस, कसब्यात तांब्याची भांडी ठोकण्यात जन्म गेला. मला काय कळणार, म्हणून मी ते कपाटात देवाच्या पोथीखाली ठेवलं होतं.

हॉस्पिटल म्हणजे सगळी काच. आत शिरल्यावर आधी गणपती, मग कॉफीचं दुकान, आणि मग आजारी माणसं. हिला खाटेवर घेतलं. डॉक्टर म्हणून एक पोरगी आली, माझी नात शोभेल अशी, कॉम्प्युटर चाकांवर ढकलत.

"आजी, हा छातीचा त्रास कधीपासून होतोय?"

हिला दम लागलेला. तिनं माझ्याकडे बघितलं. आणि मी बोललो. जन्मभर जे तोंड आवरलं नाही, ते नेमकं तिथे कशाला आवरेन?

"माझ्याशी लग्न झाल्यापासून."

ही हसली. भिंतीकडे तोंड वळवून, खांदे हलवत. तेवढ्या श्वासातही म्हणाली, "आणि दरवर्षी वाढतंय." ती डॉक्टरीणही हसली. विचारलं, "किती वर्षं झाली हो लग्नाला, आजोबा?" मला वाटलं पोरगी कौतुकानं विचारतेय. "बेचाळीस," मी छाती काढून सांगितलं. ती हसत हसत टकटक करत राहिली.

कसब्यात आमचा एक डॉक्टर होता, जिना चढून जावं लागायचं. तो काही धन्वंतरी नव्हता. कुणालाही काहीही झालं तरी तीच पांढरी गोळी आणि तोच लाल काढा. पण माझी चेष्टा कुठली आणि तिचं दुखणं कुठलं, एवढं त्याला कळायचं. आणि तो काही लिहून ठेवायचा नाही, हे त्याचे उपकारच म्हणायचे.

पट्ट्या लावून तपासलं. एक मोठा डॉक्टर आला. हृदयाची नळी बंद झालीय, उघडावी लागेल, जितकी लवकर तितकं बरं, म्हणाला.

"मग उघडा," मी म्हणालो.

"हो. इन्शुरन्सची मंजुरी आली की लगेच."

मुलगा तोवर आला. त्यानं कार्ड दिलं, कागद दिले, सही केली. इन्शुरन्सच्या टेबलापाशी टाय लावलेला एक गृहस्थ होता. मंजुरी देणारी माणसं भलत्याच गावात बसतात, हा फक्त त्यांचा निरोप्या. पण टाय असा, जसा काही हाच नळी उघडणार आहे. मुलगा म्हणाला, "मी आत्ता पैसे भरतो, तुम्ही सुरू करा."

"सर, आधी भरलेत तर नंतर कार्डावर धरताना फार त्रास होतो. अर्ध्या तासाचा प्रश्न आहे."

मुलानं माझ्याकडे बघितलं. मी मान हलवली. थांबू म्हणालो. हे मी लपवत नाही.

तो अर्धा तास दुपारी जेवायला गेला. जेवून आला आणि म्हणाला, अजून एक कागद हवा. कागद दिला, तर त्यांनी एक शंका काढली. मी मधे मधे हिच्यापाशी जाऊन बसायचो. नाकात नळी, हातात सुई.

"झालं का हो त्यांचं?"

"चाललंय."

"मेथी तशीच पेपरवर राहिली. सुकून जाईल."

"गप्प पड."

पाच वाजता उत्तर आलं. नामंजूर. मुलानं कागद वाचला, मग पुन्हा वाचला, मग मला मराठीत सांगितला. छातीचा त्रास, बेचाळीस वर्षांपासून, दरवर्षी वाढत जाणारा, पतीच्या सांगण्यावरून. जुना आजार असेल तर नवीन कार्डावर पहिली काही वर्षं चालत नाही.

"अण्णा, तुम्ही काय सांगितलंत त्यांना?"

मी सांगितलं. तो ओरडला असता तर बरं झालं असतं. त्यानं कागदाची घडी घातली आणि खिशात टाकली.

बेचाळीस वर्षांत ही दोनदाच मोठ्या दवाखान्यात गेली, दोन्ही वेळा बाळंतपणाला. मी ते टायवाल्याला सांगितलं. ती डॉक्टरीण शोधून काढली, तिला सांगितलं. तिच्या डोळ्यांत पाणी आलं. म्हणाली, "आजोबा, पेशंटचे नातेवाईक सांगतात ते आम्हाला लिहावंच लागतं." भांड्याला पोचा आला तर मी आतून ठोकून काढतो, जागा दिसत नाही. या लोकांकडे एवढी यंत्रं, पण एक वाक्य सरळ करायला हातोडी नाही.

मग मुलानं पैसे भरले, जे दुपारी बारालाच भरणार होता. हिला आत नेलं. अर्ध्या तासात मोठा डॉक्टर बाहेर आला आणि त्यानं हात जोडले. त्या इमारतीत दिवसभरात खरा निघालेला अर्धा तास तो एवढाच.

त्याच रात्री सगळं उरकलं. सकाळी मुलगा म्हणाला, अस्थी आणायला जायचंय. म्हटलं, दुपारी जाऊ, मला काम आहे. आंघोळ करून बस पकडली आणि हॉस्पिटलात गेलो. कागदपत्रांची वेगळी खिडकी असते तिथे. खिडकीत एक बाई.

"काय हवंय?"

"दुरुस्ती. त्रास कधीपासून, ते चुकीचं लिहिलंय."

"पेशंट कुठे आहेत? त्यांची सही लागेल."

"काल संध्याकाळपर्यंत तुमच्याकडेच होती."

बाईनं कॉम्प्युटरमध्ये बघितलं आणि तिचा आवाज खाली आला. "आजोबा, आता हे बदलून काय होणार आहे? मंजुरी तर..."

"मंजुरी नकोय. ती बेचाळीस वर्षं माझ्यामुळे आजारी होती असं तुमच्याकडे लिहिलंय. ते खोटं आहे. फॉर्म द्या."

दिला. मी तिचंच पेन मागून घेतलं. माझं अक्षर मोठं, चौकटीत मावत नाही. 'योग्य माहिती' असं होतं तिथे लिहिलं, काल सकाळी साडेनऊपासून, मेथी निवडताना. त्याआधी काही नाही.

बाईनं वाचलं. "हे इंग्रजीत लागेल."

"तुम्ही करा इंग्रजी. माझ्या परवाच्या बोलण्याचं..." म्हटलं आणि थांबलो. परवा कसलं, कालच. "कालच्या बोलण्याचं किती झटकन केलंत."

तिनं फॉर्म ठेवून घेतला. मी म्हटलं, मिळाल्याचा शिक्का मारून मला एक प्रत द्या. शिक्का दुसऱ्या साहेबांकडे असतो, ते अर्ध्या तासात येतील, म्हणाली. मी खिडकीसमोरच्या बाकावर बसलो.