पोचल्याशिवाय केर नाही

तासगावच्या घराला कुलूप लावलं तेव्हा आत केर तसाच होता. आमची ही म्हणायची, "अहो, गेलेलं माणूस पोचल्याचं कळेस्तोवर केरसुणीला हात लावायचा नाही." लेक वैशाली लग्न होऊन जर्मनीला निघाली, तेव्हा फोन येईपर्यंत हिनं घर झाडलं नाही. गिरणीतून आलेल्या माझ्या पायांचं पीठ घरभर झालं, तरी नाही. ही गेली तेव्हा मात्र तिला उचलल्याबरोबर बायकांनी मागं घर झाडून काढलं. रीतच ती. मला अजून सोसत नाही.

आता मी जर्मनीत झिंडेलफिंगेनला, लेक-जावयापाशी. जावई मोटारीच्या कारखान्यात इंजिनियर. वैशाली काय करते, विचारता ना, शेजारच्या वहिनी? फ्रेंच सिनेमे लिहिते. पुण्यात शिकलेली फ्रेंच अशी कामाला आली. वर्षानुवर्षं दुसऱ्यांचं लिहिलेलं दुरुस्त केलं. तिचं नाव शेवटी बारीक अक्षरात, लोक जॅकेट घालत उठतात तेव्हा यायचं. हा पहिला सिनेमा तिचा एकटीचा.

मला स्टुटगार्टला थिएटरात नेलं. मी सातवी शिकलेला, बोलणं कळेना, खालची जर्मन अक्षरंही कळेनात. पेंगत होतो. तेवढ्यात पडद्यावरच्या बाईचा मुलगा बॅग घेऊन गेला. बाईनं झाडू उचलला, दाराकडं बघितलं, अन् झाडू परत भिंतीला टेकवला.

थिएटरात कुणाला काही वाटलं नाही. मागं एक जण पॉपकॉर्न चावत होता. मला हुंदका आवरेना.

येताना एस-बानमध्ये, म्हणजे इथल्या लोकलमध्ये, मी म्हणालो, "आईला विचारलं होतंस का?"

"आता कुणाला विचारू, बाबा? डायरेक्टर म्हणत होता, यात काही घडत नाही, काढून टाक. तेवढ्यासाठी मी भांडले."

राग आला का बरं वाटलं, मला अजून उमजत नाही. घरातली गोष्ट परक्या बाईच्या हातात दिली. पण त्या पडद्याबाहेर ती गोष्ट उरलीय तरी कुठं?

काल वैशाली कामाला पॅरिसच्या गाडीत बसली. जावयांनी व्हॅक्यूम क्लीनर काढला. मी प्लगच ओढला.

"जावईबापू, तिला पोचू द्या."

"आल्झो... म्हणजे, तोवर काय करायचं, बाबा?"

"चहा टाका."

ब्रेडचा चुरा पायाखाली घेऊन दोघं फोनकडं बघत बसलो. "पोचले" म्हणाली, तेव्हा मी प्लग लावला.

वहिनी, दिवाळीला तासगावचं घर झाडून ठेवते म्हणता, किल्ली मागता. नका झाडू. मी पोचलो का नाही, ते माझं मलाच अजून कळलेलं नाही.